लंडनच्या जवाहिरखान्याचा रखवालदार : एडमंड लेंथल स्विफ्ट

एडमंड लेंथल स्विफ्ट (1777–1875) हा आयरिश वकील आणि कवी 1814 ते 1852 अशी 38 वर्षे इंग्लंडच्या राजरत्नांचा रखवालदार होता. टॉवर ऑफ लंडन या थेम्सकाठच्या किल्ल्यात, ज्या बुरुजात मुकुट आणि राजदंड ठेवलेले असत त्याच बुरुजात त्याचे बिऱ्हाड होते. त्याच्या कारकिर्दीत तीन राज्याभिषेक झाले, एका बाईने गजांतून हात घालून राजमुकुट मोडला आणि शेजारचे शस्त्रागार आगीत भस्मसात झाले. आज मात्र त्याचे नाव भुताखेतांच्या पुस्तकांत जास्त आढळते, कारण 1817 मध्ये जेवणाच्या टेबलावर दिसलेल्या एका विचित्र आकृतीची हकीकत त्याने म्हातारपणी छापून प्रसिद्ध केली. ही हकीकत बाजूला ठेवली तरी त्याचे चरित्र महत्त्वाचे ठरते. राजाच्या खजिन्याची राखण एकेकाळी किती घरगुती पद्धतीने चालत असे आणि ती पद्धत का मोडली, हे त्यातून कळते.

घराणे

स्विफ्ट घराणे मूळचे इंग्लंडचे. सतराव्या शतकात त्यातले काही भाऊ आयर्लंडमध्ये जाऊन स्थायिक झाले. त्यांतल्या गॉडविन स्विफ्टने वकिलीत पैसा कमावला. ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’चा लेखक जोनाथन स्विफ्ट हा या गॉडविनचा पुतण्या, वडिलांच्या मागे त्याचे शिक्षण या चुलत्यानेच केले. एडमंड हा गॉडविनच्या थेट वंशातला. त्याचे आजोबा डीन स्विफ्ट (1707–1783) यांनी जोनाथन स्विफ्टच्या आयुष्यावर 1755 मध्ये एक निबंधवजा पुस्तक लिहिले. घरात कायदा आणि लेखन या दोन्ही गोष्टी पिढ्यान् पिढ्या नांदत होत्या.

आजोबांना ‘डीन’ हे नाव मिळाले त्यामागे राजकीय इतिहास आहे. त्यांची आजी हॅना ही ॲडमिरल रिचर्ड डीन याची मुलगी. राजाविरुद्ध लढलेल्या क्रॉमवेलच्या बाजूचा हा सेनानी 1649 मध्ये चार्ल्स पहिला याच्या मृत्युदंडाच्या आदेशावर सही करणाऱ्यांपैकी एक होता. राजाचे शिर उडवल्यानंतर त्याच वर्षी पार्लमेंटने जुनी राजचिन्हेही मोडीत काढली. म्हणजे ज्या कुळातल्या पूर्वजाने राजाला वधस्तंभावर पाठवले, त्याच कुळातल्या माणसाकडे पुढे राजमुकुटाच्या किल्ल्या आल्या.

वडील थिओफिलस स्विफ्ट (1746–1815) यांनीही कायद्याचा अभ्यास केला होता, पण त्यांची ख्याती वकिलीपेक्षा भांडणांसाठी होती. 1789 मध्ये कर्नल चार्ल्स लेनॉक्सने राजपुत्र ड्यूक ऑफ यॉर्कशी द्वंद्वयुद्ध केले. थिओफिलसने लेनॉक्सवर टीका करणारी पुस्तिका काढली आणि त्यापायी स्वतःच लेनॉक्सच्या पिस्तुलाची गोळी खाल्ली. जखम जिवावर बेतली नाही. पुढे डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात शिकणाऱ्या आपल्या मुलाला योग्य तो मान मिळाला नाही असे वाटून 1794 मध्ये त्यांनी तिथल्या प्राध्यापकांवर जहरी पुस्तिका लिहिली. अब्रुनुकसानीचा खटला उभा राहिला आणि थिओफिलसला डब्लिनच्या न्यूगेट तुरुंगात जावे लागले. एडमंडचा थोरला भाऊ डीन हा युनायटेड आयरिशमेन या इंग्रजांविरुद्धच्या चळवळीत होता. अशा तापट आणि वादप्रिय घरातला एडमंड मात्र सरकारी नोकरीत रमला.

वकिलीचे शिक्षण झाले तरी एडमंडचा ओढा कवितेकडे होता. त्या काळात डब्लिनचा थॉमस मूर हा कवी गाजत होता. त्याने 1800 मध्ये ॲनाक्रिऑन या प्राचीन ग्रीक कवीच्या मद्य आणि प्रेमावरील गीतांचा इंग्रजी अनुवाद काढला आणि तेव्हापासून लोक त्यालाच ‘ॲनाक्रिऑन मूर’ म्हणू लागले. याच लाटेत स्विफ्टचे ‘ॲनाक्रिऑन इन डब्लिन’ हे पुस्तक 1814 मध्ये लंडनला निघाले. कविता हलक्याफुलक्या, थट्टेखोर आणि खाली विद्वत्तेचा आव आणणाऱ्या टिपा, असा त्याचा थाट होता. इंग्रजी कवितेच्या इतिहासात या पुस्तकाला मोठे स्थान मिळाले नाही. पुस्तक निघाले त्याच वर्षी, वयाच्या सदतिसाव्या वर्षाच्या आसपास, त्याला टॉवरमधली नेमणूक मिळाली आणि चरितार्थाचा प्रश्न कायमचा सुटला.

रखवालीची परंपरा

स्विफ्टच्या वाट्याला आलेली राजचिन्हे फार जुनी नव्हती. मध्ययुगीन मुकुट, राजदंड आणि भांडी 1649 मध्ये पार्लमेंटच्या हुकमाने मोडली गेली. सोने वितळवून नाणी पाडण्यात आली आणि रत्ने सुटी विकली गेली. त्या संहारातून वाचलेली महत्त्वाची वस्तू म्हणजे राज्याभिषेकाच्या वेळी पवित्र तेल घेण्यासाठी वापरला जाणारा बाराव्या शतकातला चमचा. राजाच्या पोशाखखान्यातल्या क्लेमेंट किनरस्ली या अधिकाऱ्याने तो 16 शिलिंगांना विकत घेतला होता. 1660 मध्ये राजेशाही परत आली तेव्हा त्याने तो परत केला. बाकी बहुतेक चिन्हे चार्ल्स दुसरा याच्या 1661 च्या राज्याभिषेकासाठी सोनार रॉबर्ट व्हायनर याने नव्याने घडवली. त्यासाठी 12 हजार पौंडांहून अधिक खर्च आला.

ही नवी चिन्हे 1669 पासून टॉवरच्या ईशान्य कोपऱ्यातील मार्टिन बुरुजात ठेवली जाऊ लागली. जवाहिरखान्याचा मुख्य अधिकारी सर गिल्बर्ट टॅल्बट हा दरबारी माणूस. त्याने प्रत्यक्ष राखणीसाठी टॅल्बट एडवर्ड्स हा सत्तरी उलटलेला जुना नोकर तिथे बसवला. पगार वेळेवर मिळत नसे, म्हणून लोकांना रत्ने दाखवून त्यांच्याकडून बक्षिसी घ्यायची मुभा एडवर्ड्सला देण्यात आली. एडवर्ड्सचे कुटुंब बुरुजाच्या वरच्या मजल्यावर राही आणि रत्ने खाली एका जाळीदार कपाटात असत. राजाच्या खजिन्याची राखण आणि त्याचे प्रदर्शन ही दोन कामे इथे एकत्र झाली. पुढची दीडशे वर्षे ती तशीच राहिली.

या सोयीचा पहिला फटका लवकरच बसला. थॉमस ब्लड या साहसी माणसाने पाद्र्याचा वेष घेऊन एडवर्ड्स कुटुंबाशी घरोबा वाढवला. आपल्या पुतण्याचे एडवर्ड्सच्या मुलीशी लग्न लावून देण्याची बोलणीही सुरू केली. 9 मे 1671 रोजी सकाळी तो साथीदारांसह आला, म्हाताऱ्याला मारून बांधले, मुकुट हातोड्याने चपटा केला, राजगोल एका साथीदाराच्या विजारीत कोंबला आणि राजदंड लपवता यावा म्हणून तो कानशीने मधोमध कापायला घेतला. तेवढ्यात परदेशी नोकरीला असलेला एडवर्ड्सचा मुलगा अचानक घरी आला आणि डाव फसला. चार्ल्स दुसऱ्याने ब्लडला माफ तर केलेच, शिवाय आयर्लंडमध्ये जमिनीही दिल्या. एडवर्ड्सला जाहीर झालेले बक्षीस मिळवताना मात्र नाकी नऊ आले. त्यानंतर लोखंडी गज आले आणि पहारेकरी वाढले, पण रखवालदाराने प्रेक्षकांच्या पैशावर जगायचे ही रीत बदलली नाही. 1782 मध्ये जवाहिरखान्याच्या मुख्य अधिकाऱ्याचे पद मोडीत निघाले आणि त्याचे अधिकार लॉर्ड चेंबरलेन या दरबारी अधिकाऱ्याकडे गेले. स्विफ्ट नेमला गेला तो या व्यवस्थेत. दारामागे राहायचा तो रखवालदार, पण हुकूम चालायचा तो दरबारातून.

मार्टिन बुरुजातला कारभार

मार्टिन बुरूज तेराव्या शतकात तिसऱ्या हेन्रीच्या काळात बांधला गेला. भिंती इतक्या जाड की खिडक्यांचे कोनाडे सुमारे नऊ फूट खोल. खालच्या अंधाऱ्या खोलीत गजांच्या पलीकडे राजचिन्हे मांडलेली असत. पाहायला आलेल्या मंडळींना आत घेऊन दार बंद केले जाई आणि दिव्यांच्या उजेडात एकेक वस्तू दाखवून तिची माहिती घोकल्याप्रमाणे सांगितली जाई. प्रेक्षकाने दिलेल्या पैशांतून रखवालदाराचे घर चाले. पैसे देणारी माणसे नाराज होऊ नयेत म्हणून गजांतून हात घालून वस्तूला स्पर्श करणाऱ्यांकडेही कानाडोळा होई.

या ढिलाईचे फळ 1815 मध्ये, स्विफ्टच्या नेमणुकीनंतर लगेचच मिळाले. पाहायला आलेल्या एका मनोरुग्ण बाईने गजांतून हात घालून राजमुकुट पकडला आणि त्याच्या कमानी पिरगाळून तोडल्या. मुकुटाची मोठी नासधूस झाली. यानंतर प्रेक्षकांना गजांपासून काही फूट दूर उभे केले जाऊ लागले. एडवर्ड्सच्या काळातल्या चोरीने जे शिकवले नव्हते ते एका वेडाच्या झटक्याने शिकवले.

नोंदींचा गोंधळही मोठा होता. विल्यम तिसरा आणि मेरी दुसरी यांचा 1689 मध्ये संयुक्त राज्याभिषेक झाला तेव्हा मेरीसाठी पारव्याची आकृती असलेला एक राजदंड घडवला होता. तो कालांतराने सगळ्यांच्या विस्मृतीत गेला. 1814 मध्ये, म्हणजे स्विफ्ट नेमला गेला त्याच वर्षी, तो जवाहिरखान्यातल्याच एका कपाटाच्या मागल्या बाजूला सापडला. खजिन्यातली वस्तू खजिन्यातच हरवावी आणि शंभराहून अधिक वर्षांनी सापडावी, यावरून तिथल्या याद्या आणि मोजदाद कशी होती याचा अंदाज येतो.

तीन राज्याभिषेक

रखवालदाराचे खरे काम राज्याभिषेकाच्या वेळी वाढत असे. एरवी गजांमागे असलेली चिन्हे तेव्हा दुरुस्त करून, उजळवून वेस्टमिन्स्टरला न्यावी लागत आणि सोहळा आटोपला की मोजून परत घ्यावी लागत. स्विफ्टच्या काळात हे तीनदा घडले : जॉर्ज चौथा (19 जुलै 1821), विल्यम चौथा (8 सप्टेंबर 1831) आणि व्हिक्टोरिया (28 जून 1838).

चौथ्या जॉर्जचा सोहळा इंग्लंडच्या इतिहासातल्या सर्वांत खर्चिक सोहळ्यांपैकी एक. त्यावर सुमारे 2 लाख 40 हजार पौंड उधळले गेले. त्याच्यासाठी रंडेल अँड ब्रिज या राजसोनाराच्या पेढीने एक नवा मुकुट घडवला आणि त्यात 12,314 हिरे बसवले. हे हिरे भाड्याने आणलेले होते. राजाला तो मुकुट कायमचा ठेवून घ्यायचा होता, पण सरकारने पैसे द्यायला नकार दिला. भाडे चढत राहिले आणि अखेर हिरे काढून पेढीला परत करावे लागले. विल्यमने उलट टोक गाठले. त्याचा सोहळा भावाच्या खर्चाच्या पाचव्या हिश्शाहूनही कमीत उरकला. व्हिक्टोरियासाठी रंडेलच्याच पेढीने नवा ‘इम्पिरियल स्टेट क्राउन’ घडवला आणि जुन्या मुकुटातली रत्ने त्यात बसवली.

या पेढीचा संबंध महाराष्ट्राशीही पोहोचतो. तिसऱ्या इंग्रज-मराठा युद्धात पेशवाई बुडाली तेव्हा त्र्यंबकेश्वराच्या देवस्थानाशी जोडला जाणारा, ‘नासक’ म्हणजे नाशिकचा म्हणून ओळखला जाणारा हिरा 1818 मध्ये इंग्रजांच्या हाती लागला. तो लंडनला गेला आणि रंडेल अँड ब्रिजने विकत घेतला. पेढीकडे तो 1831 पर्यंत होता. पुढे 1837 मध्ये तो मार्क्विस ऑफ वेस्टमिन्स्टरने घेतला. टॉवरच्या जवाहिरखान्यात तो कधीच आला नाही. लुटीचा माल म्हणून तो खासगी बाजारात विकला गेला. लाहोर दरबाराकडून घेतलेला कोहिनूर मात्र थेट राणीला भेट म्हणून 1850 मध्ये इंग्लंडला पोहोचला. तेव्हा स्विफ्ट अजून नोकरीत होता, पण तो हिराही त्याच्या ताब्यात आला नाही. तो 1851 च्या महाप्रदर्शनात मांडला गेला आणि 1852 मध्ये नव्याने पैलू पाडण्यासाठी कारागिरांकडे गेला.

ऑक्टोबर 1817 ची रात्र

स्विफ्टच्या नावाशी कायमची चिकटलेली घटना ऑक्टोबर 1817 मधील एका शनिवारी रात्री घडली. तिची हकीकत त्याने 43 वर्षांनी, 1860 मध्ये, लंडनच्या ‘नोट्स अँड क्वेरीज’ या नियतकालिकात दिली. जुन्या गोष्टींविषयी वाचकांनी विचारलेले प्रश्न आणि इतर वाचकांनी दिलेली उत्तरे हे या नियतकालिकाचे स्वरूप होते. टॉवरमधल्या भुतासंबंधीच्या अशाच एका चर्चेत 83 वर्षांच्या स्विफ्टने साक्षीदार म्हणून भाग घेतला.

त्याची कथनपद्धती पूर्णपणे वकिली आहे. आधी जागेचे वर्णन येते. खोली वेड्यावाकड्या आकाराची. तिला तीन दारे आणि दोन खिडक्या. दोन खिडक्यांमध्ये पुढे आलेली शेकोटी आणि तिच्यावर एक मोठे तैलचित्र. मग परिस्थिती : दारे बंद, खिडक्यांवर जाड काळे पडदे सोडलेले, खोलीत उजेड फक्त टेबलावरच्या दोन मेणबत्त्यांचा. मग माणसे कोण कुठे बसली होती ते : टेबलाच्या टोकाला तो स्वतः, उजव्या हाताला लहान मुलगा, शेकोटीकडे तोंड करून बायको आणि समोरच्या बाजूला मेव्हणी.

मध्यरात्रीच्या सुमारास त्याने बायकोला पाणी घातलेल्या वाइनचा पेला दिला. ती तो ओठांशी नेत असतानाच थबकली आणि समोर काय आहे ते विचारत ओरडली. स्विफ्टने वर पाहिले. छत आणि टेबल यांच्यामध्ये काचेच्या नळीसारखी, दंडाएवढ्या जाडीची एक गोल आकृती तरंगत होती. तिच्या आत पांढरा आणि फिकट निळा दाट द्रव सतत घुसळत, एकमेकांत मिसळत होता. सुमारे दोन मिनिटे ती तिथेच राहिली. मग सावकाश सरकू लागली. मेव्हणीसमोरून, टेबलाच्या कडेकडेने मुलासमोरून आणि स्विफ्टसमोरून ती पत्नीच्या मागे गेली आणि तिच्या उजव्या खांद्यावर क्षणभर थांबली. समोर आरसा नव्हता, तरी पत्नीला तिचा ठावठिकाणा कळला. दोन्ही हातांनी खांदा झाकत ती खाली वाकली आणि आपल्याला कुणी धरल्याचे किंचाळली. स्विफ्टने खुर्ची उचलून तिच्या मागच्या लाकडी भिंतीवर हाणली आणि मुलांच्या खोलीकडे वर धाव घेतली. मेव्हणी आणि मुलगा दोघेही त्याच टेबलाशी होते. त्यांना मात्र काहीच दिसले नव्हते.

ही शेवटची गोष्ट स्विफ्टने स्वतःच नोंदवली आहे. स्वतःच्या बाजूला अडचणीची ठरणारी ही माहिती त्याने लपवली नाही. दुसऱ्या दिवशी त्याने टॉवरच्या पाद्र्याला प्रकार सांगितला. खिडकीतून कुणी जादूच्या दिव्याने खेळ केला असावा, अशी शंका पाद्र्याने घेतली. त्या काळात काचेवरच्या चित्रांचे प्रतिबिंब धुरावर किंवा पडद्यावर पाडून भुते दाखवण्याचे खेळ युरोपात लोकप्रिय होते, त्यामुळे शंका अगदीच निराधार नव्हती. एका विज्ञानाच्या जाणकाराने खोलीची बारकाईने तपासणी केली, पण त्यालाही उलगडा झाला नाही. नऊ फूट खोल कोनाडा आणि त्यावर जाड पडदा, यांतून बाहेरचा प्रकाश आत कसा येणार, हा स्विफ्टचा मुद्दा होता.

या पाठोपाठ, स्विफ्टच्याच सांगण्यानुसार, जवाहिरखान्यावरच्या एका रात्रपहाऱ्याला दाराखालून मोठ्या अस्वलासारखी आकृती बाहेर येताना दिसली. त्याने संगीन खुपसली ती दारात घुसली आणि तो बेशुद्ध पडला. दुसऱ्या दिवशी स्विफ्टने त्याला पाहिले तेव्हा तो ओळखू येणार नाही असा झाला होता. दोन-तीन दिवसांत तो वारला. या आकृतीला अस्वलाचेच रूप का यावे, याला टॉवरचा एक संदर्भ आहे. तिथे तेव्हा राजाचा प्राणिसंग्रह होता आणि हडसन्स बे कंपनीने 1811 मध्ये तिसऱ्या जॉर्जला भेट दिलेले ‘ओल्ड मार्टिन’ नावाचे ग्रिझली अस्वल त्यात होते. पहारेकरी ज्या आवारात रात्री उभे राहत, त्याच आवारात खरी अस्वले गुरगुरत असत. हा प्राणिसंग्रह 1835 मध्ये बंद झाला आणि प्राणी रीजंट्स पार्कमधल्या प्राणिसंग्रहालयात गेले.

नळीसारख्या आकृतीचे सर्वमान्य स्पष्टीकरण आजही नाही. मात्र पुराव्याच्या दृष्टीने तिचे स्थान ठरवता येते. पाहणारे दोन, न पाहणारे दोन आणि लिखित साक्ष चार दशकांनंतरची. साक्षीदार प्रामाणिक आहे याबद्दल शंका घेण्याचे कारण नाही. पण प्रामाणिक साक्ष आणि सिद्ध झालेली घटना यांत फरक असतो. स्विफ्टने स्वतः आकृती कुणाची, हे सांगितले नाही. पुढच्या लेखकांनी मात्र तिला टॉवरमधल्या कैद्यांच्या कहाण्या जोडल्या आणि मूळच्या कोरड्या वर्णनावर रंग चढवला.

1841 ची आग

स्विफ्टच्या कारकिर्दीतला खरा कसोटीचा प्रसंग 30 ऑक्टोबर 1841 च्या रात्री आला. टॉवरच्या उत्तर बाजूच्या बोयर बुरुजात आग लागली. तापलेल्या शेगडीमुळे ती लागली असे मानले जाते. ज्वाला लगेच शेजारच्या ग्रँड स्टोअरहाउसवर गेल्या. सतराव्या शतकाच्या अखेरीस बांधलेली ही लांबच लांब इमारत शस्त्रागार म्हणून वापरली जात होती. तिच्यात हजारो बंदुका आणि लढायांत जिंकलेल्या तोफा होत्या. थेम्सला ओहोटी असल्याने पंपांना पाणी पुरेना. बघता बघता छत कोसळले आणि आगीची धग मार्टिन बुरुजाच्या भिंतीपर्यंत पोहोचली.

आत जवाहिरखान्यात चिन्हे होती, पण ती बाहेर काढणार कशी? खोलीची किल्ली स्विफ्टकडे होती. गजांच्या पिंजऱ्याची किल्ली लॉर्ड चेंबरलेनच्या कचेरीत. ती आणायला शहर ओलांडून जाणे भाग होते आणि तेवढा वेळ नव्हता. कागदोपत्री दोन किल्ल्यांची ही व्यवस्था चोख दिसत होती. आगीच्या रात्री तीच खजिन्याच्या मुळावर आली. स्विफ्टने वाट पाहिली नाही. पियर्स नावाच्या पोलीस अधिकाऱ्याने पहारीने एक गज वाकवला आणि त्या फटीतून अंग चोरून तो आत शिरला. आतून तो मुकुट, राजगोल, राजदंड, ताटे एकेक करून देऊ लागला आणि बाहेर स्विफ्ट व इतर ती घेऊ लागले. राजघराण्यातल्या बाळांच्या नामकरणासाठी वापरले जाणारे चांदीचे मोठे पात्र त्या फटीतून निघेना, तेव्हा आणखी एक गज मोडावा लागला. धग वाढत होती, बाहेरून लवकर निघा म्हणून हाका येत होत्या. शेवटी सगळी चिन्हे सैनिक आणि पोलिसांच्या पहाऱ्यात टॉवरच्या अधिकाऱ्याच्या घरी पोहोचवण्यात आली.

ग्रँड स्टोअरहाउस जळून राख झाले. मार्टिन बुरूज मात्र वाचला. म्हणजे चिन्हे जागेवर राहिली असती तरी नष्ट झाली नसती. पण त्या क्षणी हे कुणालाच ठाऊक नव्हते. गज वाकवून रत्ने बाहेर काढण्याचा प्रसंग चित्रकार जॉर्ज क्रुकशँकने रेखाटला आणि तो लोकांच्या डोळ्यांपुढे राहिला.

व्यवस्था बदलते

आगीच्या आधीच टॉवरमधली प्रदर्शनाची रीत बदलू लागली होती. 1838 मध्ये शस्त्रागार पाहण्याचा दर कमी झाला, तेव्हा पाहायला येणाऱ्यांची संख्या एकदम वाढली. टॉवरचे पहिले अधिकृत मार्गदर्शक पुस्तकही 1841 मध्येच निघाले. बक्षिसीवर चालणाऱ्या एका अंधाऱ्या खोलीला एवढी गर्दी पेलणारी नव्हती आणि आगीने तर तिची असुरक्षितताही उघडी पाडली. 1842 मध्ये मार्टिन बुरुजाजवळ नवा जवाहिरखाना बांधण्यात आला. तोही ओलसर आणि असुरक्षित ठरला, म्हणून 1860 च्या दशकाअखेर राजचिन्हे वेकफील्ड बुरुजात नेण्यात आली. जळालेल्या शस्त्रागाराच्या जागी 1845 मध्ये वॉटर्लू बराकींचे बांधकाम सुरू झाले.

स्विफ्ट 1852 मध्ये निवृत्त झाला. त्याच्या जागी लेफ्टनंट कर्नल चार्ल्स विंडहॅम याची नेमणूक झाली. तो वॉटर्लूच्या लढाईत स्कॉट्स ग्रेज या घोडदळ पथकातून लढला होता. तेव्हापासून या पदावर सैन्यातले अधिकारी नेमण्याचा पायंडा पडला. अशा रीतीने कुटुंबकबिल्यासह रत्नांच्या शेजारी राहणाऱ्या वकील-कवी रखवालदाराचा काळ संपला. स्विफ्टने चार लग्ने केली आणि त्याला 28 मुले झाली असे नोंदवले जाते. एवढा मोठा संसार आणि प्रेक्षकांच्या पैशांवरचे उत्पन्न लक्षात घेतले, की रखवालदाराला गर्दी हवीशी का वाटे हे समजते. निवृत्तीनंतर दोन दशकांहून अधिक काळ तो जगला आणि 1875 मध्ये, शंभरीच्या उंबरठ्यावर असताना, वारला.

पुढे 1967 मध्ये राजचिन्हे वॉटर्लू बराकीच्या तळघरात आणि 1994 मध्ये त्याच इमारतीच्या तळमजल्यावरच्या दालनात गेली. म्हणजे 1841 मध्ये जी इमारत जळाली, तिच्याच जागेवर आज ती आहेत. संग्रहात सुमारे 100 वस्तू आणि 23 हजारांहून अधिक रत्ने असून जाड काचेमागे, सशस्त्र पहाऱ्यात ती पाहायला मिळतात. टॉवरचा गव्हर्नर आणि जवाहिरखान्याचा रखवालदार ही दोन्ही पदे आता एकाच व्यक्तीकडे असतात.

कवी म्हणून स्विफ्ट विसरला गेला आणि वकील म्हणून त्याने नाव कमावले नाही. भुताच्या हकीकतीने त्याला टिकाऊ प्रसिद्धी दिली, पण तिच्यात सिद्ध झालेले फारसे काही नाही. त्याची खरी कामगिरी 1841 ची. किल्ली दुसऱ्याकडे असताना नियमाची ढाल पुढे करून तो गप्प बसला असता, तर त्याला कुणी दोष दिला नसता. त्याने गज तोडू दिले आणि जबाबदारी स्वतःवर घेतली.